घटक म्हणजे तुकडा की सावली?

अकरावीच्या प्रयोगशाळेत ट्रेमधले रेझिस्टर, म्हणजे विजेला अडवणारे छोटे भाग, मोजायचं काम चाललं होतं. एका मुलीने विचारलं, "सर, थिअरीच्या तासाला तुम्ही बलाचे कंपोनंट काढायला सांगता. इथे म्हणता, कंपोनंट मोजून परत ट्रेमध्ये ठेवा. मग बलाचे कंपोनंट काढून ठेवायचे कुठे?" वर्ग हसला. मला मात्र तो प्रश्न फार मोलाचा वाटला, कारण हा गोंधळ मनात ठेवूनच पुष्कळ मुलं बारावी होतात.

ती दहावीपर्यंत मराठी माध्यमात शिकलेली. तिच्या लेखी कंपोनंट म्हणजे घटक, आणि घटक म्हणजे ज्यांच्या बेरजेतून पूर्ण वस्तू होते ते. आपण रोज हाच अर्थ धरून बोलतो. बिस्किटाच्या पुड्यावर घटकांची यादी असते. आघाडीच्या जागा म्हणजे घटकपक्षांच्या जागांची बेरीज. पुस्तकाचे घटक पाडले की घटक चाचण्या होतात. भौतिकशास्त्र हाच शब्द दोन निरनिराळ्या अर्थांनी वापरतं आणि ते कोणी फोड करून सांगत नाही. पुढे हे दोन अर्थ एका ठिकाणी भेटतात. ते ठिकाण तुमच्या डोक्यावर फिरणाऱ्या पंख्यात आहे आणि कारखान्याच्या वीजबिलातही.

ट्रेमधला घटक

हा सोपा. पुण्यात बुधवार पेठेतल्या तपकीर गल्लीत किंवा मुंबईत लॅमिंग्टन रोडवर गेलात तर रेझिस्टर, वीज थोडा वेळ साठवणारे कपॅसिटर, तारेची वेटोळी म्हणजे कॉइल, डायोड सुटे मिळतात. प्रत्येकाला दोन-तीन पाय असतात, किंमत असते, चिमट्याने उचलता येतं. परिपथ, म्हणजे वीज फिरून परत येण्याचा पूर्ण रस्ता, या सुट्या भागांचा बनतो. एक भाग काढला की परिपथात भोक पडतं. बिस्किटातल्या मैद्यासारखाच हा घटक.

बोरघाटातला घटक

कर्जतहून लोणावळ्याकडे चढणारी आगगाडी डोळ्यांसमोर आणा. १८६३ साली खुल्या झालेल्या या घाटात चढण ३७ला १ आहे, म्हणजे ३७ मीटर पुढे गेलं की १ मीटर वर. डोळ्यांना ही चढण जेमतेम जाणवते, कोन दीड अंशाच्या आसपास. तरीही कर्जतला गाडीच्या मागे जादा इंजिनं जोडावी लागतात. त्यांना बँकर म्हणतात.

गाडी १००० टनांची धरू. पृथ्वी तिला सरळ खाली ओढते, रुळांच्या दिशेने नव्हे. पण गाडीला हलायला वाट एकच, रुळांची. म्हणून इंजिनाच्या कामाचा प्रश्न असा असतो: सरळ खाली असलेल्या या ओढीतली रुळाच्या दिशेने किती पडते? उत्तर साधारण वजनाच्या ३७व्या हिश्शाइतकं, २७ टन. उरलेलं काम, रुळांना काटकोनात दाबणं, साधारण ९९९.६ टनांचं. ते रूळ सोसतात.

२७ टन म्हणजे १००० टनांच्या मानाने काहीच नाही, असं वाटेल. पण सपाटीवर लोखंडी चाकं लोखंडी रुळांवर फार थोड्या जोरात धावतात. त्यामुळे चढणीवर इंजिनाच्या वाट्याला अचानक कितीतरी पट काम येतं. दीड अंशाने बँकर लागतो तो याच २७ टनांमुळे.

हे २७ आणि ९९९.६ म्हणजे वजनाचे दोन घटक. ज्या राशीला मापासोबत दिशाही असते तिला सदिश म्हणतात. बल सदिश आहे, वजन हेही बलच. सदिशाचा घटक म्हणजे ठरवलेल्या एका दिशेवर पडणारी त्याची सावली. तिरकी काठी उन्हात धरलीत तर जमिनीवर एका लांबीची सावली पडते, भिंतीवर दुसऱ्या लांबीची. दोन सावल्या पडल्या म्हणून काठीचे दोन तुकडे झाले, असं कोणी म्हणत नाही.

बेरीज १००० का येत नाही?

आता २७ आणि ९९९.६ यांची बेरीज करून पाहा. १०२६.६ येते. गाडी १००० टनांची आणि तिचे "भाग" मिळून १०२६ टन! घटक म्हणजे तुकडे असं धरणारा इथे अडखळतो, आणि त्याने अडखळलंच पाहिजे. काटकोनातले घटक वर्ग करून जुळवायचे असतात. २७ चा वर्ग अधिक ९९९.६ चा वर्ग, त्याचं वर्गमूळ १००० येतं. शाळेतलं पायथागोरसचं प्रमेय, दुसरं काही नाही. ३ आणि ४ मिळून ५ होतात ते याच हिशेबाने.

उतारावर जोर कमी का लागतो, याचं मला सगळ्यात देखणं वाटणारं उत्तर सायमन स्टेव्हिन या फ्लेमिश गणितज्ञाने १५८६ साली दिलं. त्याने एका त्रिकोणी ठोकळ्याची कल्पना केली. ठोकळ्याची एक उतरण दुसरीच्या दुप्पट लांब. त्यावर सारख्या वजनाच्या १४ मण्यांची बंद माळ टाकली: लांब उतरणीवर ४ मणी, आखूड उतरणीवर २, आणि खाली लोंबणारे ८. माळ आपोआप फिरू लागेल का? फिरली तर कायमच फिरत राहील, कारण एक मणी सरकला की मांडणी पुन्हा तीच. असं फुकटचं फिरणं होत नाही. म्हणजे माळ स्थिर. खालचे ८ मणी दोन्ही बाजूंनी सारखेच ओढतात, तेव्हा ते कापून टाकले तरी चालेल. उरलं काय? लांब उतरणीवरचे ४ मणी आखूड उतरणीवरच्या २ मण्यांना तोलून धरतात. म्हणजे लांब उतरणीवर प्रत्येक मणी निम्म्या जोराने घसरू पाहतो. एकही आकडेमोड न करता त्याने उतारावरचा घटक सांगून टाकला. वर्गात मी फळ्यावर ही माळ काढतो तेव्हा मागच्या बाकापर्यंत शांतता होते.

मग हे घटक खरे की मानलेले?

पुढची शंका हमखास हीच येते. दिशा आपण निवडल्या, म्हणून घटक पडले. वेगळ्या दिशा निवडल्या तर? रुळाऐवजी "आडवी" आणि "उभी" अशा दिशा घेतल्या तर त्याच वजनाचे घटक ० आणि १००० होतील. वजन तेच, गाडी तीच, आकडे निराळे.

म्हणून घटक मनाचे खेळ ठरतात का? नाही. रूळ कुठल्या बाजूला जातात ते आपल्या मर्जीवर नाही. रुळाच्या दिशेची सावली मोजली तर बँकरला किती ओढायचंय ते कळतं. दुसरी दिशा घेतली तर हिशेब बरोबर येतो, पण लांबचा होतो. दिशा निवडायचं स्वातंत्र्य आपलं, आणि एकदा दिशा निवडली की घटक किती भरेल ते निसर्ग ठरवतो. परीक्षेत "अक्ष कुठे घेऊ?" विचारणाऱ्या मुलांना मी सांगतो, वस्तूला हलायची वाट कुठली आहे ते आधी बघा.

जात्याच्या खुंट्याच्या दोन सावल्या

आता विजेकडे जाऊ, पण जात्यावरून. दळताना खुंटा गोल फिरतो. एका बाजूने उजेड टाकला तर समोरच्या भिंतीवर खुंट्याची सावली नुसती डावी-उजवी जाताना दिसेल: टोकाशी रेंगाळेल, मधून झपकन जाईल. बाजूच्या भिंतीवर दुसऱ्या उजेडाने दुसरी सावली पडेल, तीही अशीच ये-जा करणारी. पण दोघी एकदम टोकाला जात नाहीत. एक टोकाला असते तेव्हा दुसरी बरोबर मध्यावर. दुसरी पहिलीच्या पाव फेरीने मागे.

उलटही खरं आहे. पाव फेरीचं अंतर ठेवून ये-जा करणाऱ्या दोन हालचाली एकमेकींना काटकोनात जोडल्या तर गोल फिरणं तयार होतं.

घरातल्या प्लगमधली वीज ही अशीच ये-जा आहे. सेकंदाला ५० फेऱ्या, प्रत्येक फेरीत एकदा इकडे, एकदा तिकडे. अशा दोन ये-जांमध्ये फेरीच्या हिशेबाने कोण किती पुढे, कोण किती मागे, त्याला फेजचा फरक म्हणतात. कोण मागे पडतं, ते ट्रेमधल्या घटकांवर ठरतं. रेझिस्टरमध्ये प्रवाह व्होल्टेजच्या पावलावर पाऊल टाकून चालतो. निव्वळ कॉइलमध्ये तो पाव फेरी मागे पडतो, कारण कॉइल प्रवाहातल्या बदलाला अडवते. कपॅसिटरमध्ये पाव फेरी पुढे.

पंख्याचा कंडेन्सर गेला म्हणजे काय झालं?

दोन्ही अर्थ भेटतात ते इथे. छताच्या पंख्यात कॉइलचे दोन संच असतात, वाइंडिंग म्हणतात त्यांना. जागेने ते एकमेकांपासून असे सरकवलेले असतात की त्यांची चुंबकीय क्षेत्रं ध्रुवांच्या हिशेबात काटकोनात येतात. म्हणजे जात्याच्या दोन भिंती तयार झाल्या. पण दोन्ही वाइंडिंगना एकच वीज दिली तर दोन्हीकडची ये-जा जवळपास एकाच तालात होईल, आणि एकाच तालातल्या दोन हालचाली जोडून गोल होत नाही, तिरकी ये-जा तेवढी होते. पाव फेरीचं अंतर हवं.

ते अंतर देतो कंडेन्सर, म्हणजे कपॅसिटर. बहुतेक पंख्यांत तो २.५ मायक्रोफॅरडच्या आसपास असतो, काडेपेटीपेक्षा थोडा मोठा काळा किंवा पांढरा डबा. तो एका वाइंडिंगच्या मार्गात बसतो आणि तिथला प्रवाह पुढे ढकलतो. मग दोन क्षेत्रं मिळून फिरतं क्षेत्र होतं आणि पंखा त्याच्यामागे ओढला जातो. फिरत्या चुंबकीय क्षेत्राची ही कल्पना इटलीत गॅलिलिओ फेरारिस याने १८८५ मध्ये करून दाखवली, आणि निकोला टेस्लाने १८८८ मध्ये तिची पेटंटं घेतली.

आमच्या घरचा पंखा एका उन्हाळ्यात आधी मंद झाला, मग नुसता गुणगुणत उभा राहिला. लाकडी पट्टीने हलकेच ढकलल्यावर फिरू लागला. पुन्हा बंद करून उलट बाजूने ढकलला, तर उलटा फिरू लागला. वायरमनने कंडेन्सर बदलला आणि काम संपलं, पण मी कितीतरी वेळ त्या पंख्याकडे बघत बसलो. कंडेन्सर गेला म्हणजे दुसऱ्या भिंतीवरची सावली गेली. कुठल्या बाजूने फिरायचं हे ठरवणारं कोणी उरलं नाही, ते माझ्या पट्टीने ठरवलं. चिमट्याने उचलता येणारा एक घटक नसला, तर चुंबकीय क्षेत्राचा एक घटक नाहीसा होतो.

१०५ अधिक २०० बरोबर २३०?

जुन्या, चोकवाल्या ट्यूबलाइटवर प्रयोगशाळेत व्होल्टमीटर लावला की मुलं गडबडतात. (घरी हे करू नका, वायर जिवंत असते.) चार फुटी ट्यूबच्या दोन टोकांत साधारण १०५ व्होल्ट दिसतात, चोकच्या, म्हणजे प्रवाह आवरणाऱ्या कॉइलच्या, दोन टोकांत साधारण २००. दोन्ही एकापाठोपाठ जोडलेले. बेरीज ३०५, आणि प्लगमध्ये २३०. मीटर बिघडलाय का?

मीटर ठीक आहे. ट्यूबचं व्होल्टेज प्रवाहाच्या तालात चालतं, चोकचं जवळपास पाव फेरी पुढे. एक टोकाला असतं तेव्हा दुसरं मध्याजवळ असतं, म्हणून त्यांची साधी बेरीज कधी घडतच नाही. बोरघाटासारखं वर्ग करून जुळवा. १०५ आणि २०० यांचं उत्तर २२६ येतं. थोडा फरक उरतो, कारण चोक ही निव्वळ कॉइल नाही. त्याकडे शेवटी येतो.

शेतावरच्या थ्री फेजमध्येही हेच. तीन तारा, प्रत्येकीत न्यूट्रलपासून २३० व्होल्ट, आणि तिन्हींचे ताल एकतृतीयांश फेरीच्या अंतराने. दोन तारांच्या मध्ये मोजलं तर ४६० येत नाहीत, साधारण ४०० येतात.

हा हिशेब पूर्वी फार किचकट होता. १८९३ साली शिकागोच्या विद्युत परिषदेत चार्ल्स स्टाइनमेट्झ याने मांडलं की विजेची प्रत्येक ये-जा म्हणजे फिरत्या काठीची सावली समजा आणि काठ्यांचा हिशेब करा. विजेचे अभियंते आजही याच पद्धतीने आकडे काढतात.

प्रवाहाला दिशा आहे, मग तो सदिश का नाही?

हा प्रश्न पेपरात हमखास येतो आणि मुलं उत्तर पाठ करून लिहितात. तारेतल्या प्रवाहाला दिशा असते हे खरं. पण दोन तारा काटकोनात येऊन एका ठिकाणी जुळल्या, एकीतून ३ अँपिअर येतात, दुसरीतून ४, तर तिसरीतून ७ जातात, ५ नव्हे. तारा कुठल्याही कोनात वाकवा, ७ च. नळाच्या पाण्यासारखं. म्हणून प्रवाह सदिश नाही.

"पण सर, ट्यूबलाइटमध्ये तर तुम्ही वर्ग करून जुळवलं!" बरोबर, आणि इथेच कोन कसला ते नीट बघायला हवं. ये-जा करणाऱ्या विजेत ३ आणि ४ अँपिअर पाव फेरीच्या अंतराने आले तर तिसऱ्या तारेत मीटर ५ दाखवतो. हा कोन तारांमधला नाही, वेळेतला आहे. कुठलाही एक क्षण गोठवून पाहिलात तर त्या क्षणी साधी बेरीजच होते.

बिलातला घटक

एका मोटरला १० अँपिअर प्रवाह जातोय. मोटरमध्ये कॉइल असते, म्हणून प्रवाह थोडा मागे रेंगाळतो. त्याच्या दोन सावल्या घेऊ: व्होल्टेजच्या तालातली ८, पाव फेरी मागची ६. आठाचा आणि सहाचा वर्ग मिळून शंभर, वर्गमूळ १०.

पाणी उपसतो तो ८ चा घटक. ६ चा घटक मोटरमध्ये चुंबकत्व उभं करायला ऊर्जा आत नेतो आणि दर फेरीत परत आणून देतो. शेजारून वाटीभर साखर उसनी आणावी, लगेच परत द्यावी, पुन्हा आणावी, तसं. साखर खर्च झाली नाही, फेऱ्या मात्र झाल्या. आणि सेकंदाला पन्नास फेऱ्यांची वीज ही उसनवारी सेकंदाला शंभर वेळा करते.

फेऱ्यांचा त्रास तारेला होतो. तार प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणात तापते आणि तापताना ती घटक बघत नाही, पूर्ण १० चा वर्ग, १००, मोजते. आता मोटरशेजारी योग्य मापाचा कपॅसिटर लावा. त्याचा प्रवाह पुढे धावणारा, मोटरचा मागे रेंगाळणारा. दोघं एकमेकांशीच उसनवारी करतात. लांबून येणाऱ्या तारेतून फक्त ८ अँपिअर आणावे लागतात. १०० च्या जागी ६४. तारेतली उष्णता ३६ टक्क्यांनी कमी, पाणी तेवढंच. गरजेपेक्षा मोठा कपॅसिटर लावला तर प्रवाह उलट बाजूने पुढे पळू लागतो, म्हणून माप महत्त्वाचं.

शेतीपंपांना कपॅसिटर बसवा, असं आवाहन महावितरण पुन्हा पुन्हा करते ते यासाठी. तो काढून ठेवला तरी मोटर चालते, म्हणून पुष्कळांना तो बिनकामाचा वाटतो. पण एका रोहित्रावर वीस-पंचवीस पंप असले आणि प्रत्येकाचा ६ चा घटक लांबून आणावा लागला, तर शेवटच्या पंपापर्यंत व्होल्टेज पुरत नाही. मोटर जळते ती बहुधा त्या शेवटच्या माणसाची.

८ भागिले १० म्हणजे ०.८, याला पॉवर फॅक्टर म्हणतात. घरगुती बिलातलं युनिट म्हणजे किलोवॅट-तास, त्यात फक्त तालातला घटक मोजला जातो. महाराष्ट्रात उच्चदाब ग्राहकांची, म्हणजे प्रामुख्याने मोठ्या कारखान्यांची, आकारणी एप्रिल २०२० पासून किलोव्होल्ट-अँपिअर-तासावर होते. तिथे पूर्ण १० मोजले जातात. कारखान्याने कपॅसिटर नीट ठेवले नाहीत तर उसनवारीच्या फेऱ्यांचेही पैसे लागतात. मला हे न्याय्य वाटतं, कारण तार पूर्ण १० साठीच जाड घ्यावी लागते.

पुस्तकात या ६ च्या घटकाशी "काल्पनिक" संख्यांचं नाव जोडलेलं असतं आणि मुलांना वाटतं, तो प्रवाह खरा नसावा. या एका शब्दाने फार नुकसान केलंय. तारेला हात लावून बघता आला असता तर तिचं तापणं पुरेसं खरं वाटलं असतं.

चोकमधला रोध चिमट्याने निघत नाही

आता तो राहिलेला फरक. चोक सुटा काढून मल्टिमीटरने मोजला तर तीस-चाळीस ओहम रोध दिसतो: आतली तांब्याची तार लांब आहे, तिचा तो. पण तोच चोक ट्यूबसोबत चालू असताना २०० व्होल्ट आणि साधारण ०.४३ अँपिअर असतात, म्हणजे अडवणूक ४६५ ओहमची. आकृती काढताना आपण चोकच्या जागी एक निव्वळ कॉइल आणि एक निव्वळ रेझिस्टर असे दोन घटक शेजारी काढतो. प्रत्यक्षात डबा एकच. तो रेझिस्टर डब्यात कुठल्या कोपऱ्यात आहे, हे विचारण्यात अर्थ नाही.

त्या मुलीला मी तोच चोक दिला. तिने आधी मल्टिमीटरने मोजला, मग ये-जा करणाऱ्या विजेवर मोजणाऱ्या एलसीआर मीटरने. पडद्यावर दोन आकडे आले, एक तालातला, एक पाव फेरीचा. ती थोडा वेळ बघत राहिली. मग वहीत "घटक १: चोक" असं लिहिलं आणि त्याच्यासमोर, एकाच रकान्यात, दोन घटक मांडले.